मुंबईच्या किनाऱ्यावरचे शंख-शिंपले : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ओहोटीला खडकांवर खाली मान घालून चालणारा माणूस दिसला, की मुंबईकर थांबतोच. पहिला प्रश्न ठरलेला : "काय हरवलंय का?" दुसराही ठरलेला : "हे खातात का?" एवढं झालं की मग खरे प्रश्न सुरू होतात. तीच उत्तरं दर वेळी वाळूत उभं राहून देण्यापेक्षा एकदा लिहून ठेवलेली बरी, म्हणून हे पान.

मुंबईत कसले आलेत शंख-शिंपले? चौपाटीवर तर नुसता कचरा दिसतो.

कचरा दिसतो हे खरं, पण शिंपले नाहीत हे खरं नाही. १८९३ साली मेल्व्हिल आणि अ‍ॅबरक्रॉम्बी या दोघांनी मुंबईच्या सागरी मृदुकाय (म्हणजे शंख-शिंपल्यांतल्या मऊ अंगाच्या) प्राण्यांची यादी मँचेस्टरच्या एका विद्वत्सभेच्या अंकात छापली होती. पुढे १९४९ ते १९५२ या काळात सुब्रह्मण्यम, करंदीकर आणि मूर्ती यांनी मुंबई विद्यापीठाच्या नियतकालिकात शिंपल्यांवर आणि शंखांवर सविस्तर लेख लिहिले. म्हणजे या शहराच्या किनाऱ्याची हजेरी सव्वाशे वर्षांपूर्वीपासून घेतली जाते आहे. आपणच मधे वर्गात लक्ष दिलं नाही.

कुठे काय मिळेल, हे पायाखाली काय आहे त्यावर ठरतं. जुहू, आक्सा, गोराई अशा वाळूच्या किनाऱ्यांवर पाचरीच्या आकाराचे छोटे शिंपले, उभ्या पन्हळी असलेले जाड शिंपले आणि शर्टाच्या बटणाएवढे चपटे, गुळगुळीत, दर नगाला वेगळी नक्षी असलेले बटण-शंख मिळतात. हाजी अली, वांद्र्याचं बँडस्टँड, कार्टर रोड इथे काळा बेसाल्ट आहे. त्याला घट्ट चिकटलेली कालवं, टोपीसारखे लिंपेट आणि काळेभोर गोलसर नेरिटा तिथे शेकड्यांनी असतात. नशीब असेल तर खडकाच्या कपारीत अरबी कवडीही दिसते, तपकिरी आणि अंगावर कुणी मोडी लिपी गिरवावी तशी नक्षी असलेली. शिवडीच्या चिखलात मंडळी वेगळीच : खारफुटीच्या मुळांशी लांबट, टोकदार, मळकट शंख. फ्लेमिंगो बघायला आलेल्यांपैकी त्यांच्याकडे बघणारा मला अजून भेटायचा आहे.

जायचं कधी?

उधाणाच्या दिवसांत, म्हणजे पौर्णिमा-अमावास्येच्या आगेमागे. तेव्हा भरती मोठी असते, म्हणून ओहोटीही मोठी असते आणि एरवी पाण्याखाली असणारे खडक उघडे पडतात. अष्टमीच्या आसपास भांगाची भरती असते. पाणी फार चढत नाही आणि फार उतरतही नाही. त्या दिवशी जाऊन "काहीच नव्हतं हो" म्हणू नका.

कोळीवाड्यात एक जुना हिशेब सांगतात : तिथीची पाऊणपट करा, येईल त्या आकड्याला भरती. पाऊणकी पाठ असलेल्या पिढीला हे तोंडावर होतं. पंचमीला पाच पाऊणे पावणेचार, म्हणजे पावणेचारच्या सुमारास भरती आणि त्याच्या सहा तास आधी किंवा नंतर ओहोटी. पौर्णिमेला, अमावास्येला मुंबईत भरती बाराच्या पुढेमागे येते, म्हणून ओहोटी सकाळ-संध्याकाळ सहाच्या सुमारास. हिशेब ढोबळ आहे, निघण्याआधी त्या दिवसाचं छापील वेळापत्रक बघाच. ओहोटीच्या तासभर आधी पोचा आणि पाणी वळलं की निघा. हाजी अलीच्या खडकांवर पाणी समोरून येत नाही. ते आधी मागून, खाचांतून भरतं आणि मग तुम्ही बेटावर असता.

पावसाळ्यात जाऊ नका. खवळलेला समुद्र आहेच, शिवाय शेवाळलेला बेसाल्ट म्हणजे साबण लावलेली फरशी. ऑगस्टच्या सुमारास निळ्या फुग्यांसारखे डंख मारणारे ब्लूबॉटल वाहून येतात, ते वेगळंच.

शंख आणि शिंपला यांत नेमका फरक काय?

शंख एकसंध आणि पिळाचा, शिंपला दोन झाकणांचा आणि बिजागरीचा. दोन्ही मृदुकाय प्राण्यांची कवचं. गोगलगाय शंखवाल्यांच्या घरातली, तिसऱ्या आणि कालवं शिंपलेवाल्यांच्या. माकूळ आणि ऑक्टोपस हेही याच गोतावळ्यातले, पण त्यांनी कवच आत घेतलं किंवा टाकूनच दिलं. पोपटाच्या पिंजऱ्यात अडकवतात तो पांढरा समुद्रफेस म्हणजे फेस नव्हे, माकुळासारख्या प्राण्याच्या पाठीतलं आतलं कवच आहे. खडकावर पाय कापतो त्या छोट्या ज्वालामुखीसारख्या बार्नॅकलला मात्र शिंपला म्हणू नका. तो खेकड्या-कोळंबीचा नातेवाईक.

आतला प्राणी मोठा झाला की शंख बदलतो का?

नाही. हा गैरसमज इतका पक्का आहे की चांगली शिकलेली माणसंही पैज लावतात. शंख हे त्या प्राण्याचं भाड्याचं घर नाही, ते त्याचं अंग आहे. प्राण्याभोवती प्रावार नावाचं मऊ आवरण असतं. ते समुद्राच्या पाण्यातलं कॅल्शियम घेऊन तोंडाच्या कडेला थरावर थर चढवतं. म्हणून शंखाचं टोक हे त्याचं बाळपण आणि तोंड हे आजचं वय. कवचाचा ९५ टक्क्यांहून अधिक भाग कॅल्शियम कार्बोनेट असतो, म्हणजे खडूच म्हणा, पण मधे प्रथिनाचे पातळ पदर बसवलेले. त्या पदरांमुळे खडू तुटतो तसा शिंपला तुटत नाही.

घर बदलतो तो संन्यासी खेकडा. त्याचं पोट मऊ आणि उघडं असतं, म्हणून तो मेलेल्या शंखात शिरतो आणि वाढला की मोठा शोधतो. मी एकदा आक्साहून "रिकामा" शंख आणला, डबीत ठेवला आणि झोपलो. रात्री दीडला डबीतून टकटक. उघडली तर शंख चालत बाहेर आला आणि स्वयंपाकघराच्या ओट्याखाली गेला. घरच्यांनी मला दिलेला शब्द इथे लिहिण्यासारखा नाही, पण तो 'शंख'च्या आसपासचा होता. सकाळी त्याला स्टीलच्या डब्यात घालून पहिल्या लोकलने परत नेऊन सोडला. तेव्हापासून नियम : शंख उचलला की दोन-तीन मिनिटं ओल्या वाळूत पालथा ठेवून बघत बसायचं. हलला, तर तो आपला नाही.

शिंपल्याला इतकं गोल, नीट भोक कोण पाडतं? माळ करणारे का?

हा माझा सगळ्यात आवडता प्रश्न. भोक पाडणारा दुसरा शंख असतो. चंद्र-शंख म्हणतात त्याला, गोलगरगरीत आणि गुळगुळीत. तो वाळूखालून सरकत जातो, शिंपल्याला पायाच्या मांसल पंजात धरतो आणि बिजागरीजवळ बसतो. मग आम्ल सोडून कवच नरम करायचं, किसणीसारख्या जिभेने खरवडायचं, पुन्हा आम्ल, पुन्हा खरवड. तासन्‌तास हे चालतं. भोक आरपार गेलं की आतलं मांस ओरबाडून खायचं. भोकाची कड बाहेरून उतरती, वाटीसारखी असेल तर काम चंद्र-शंखाचं. कड सरळ, ड्रिल मारल्यासारखी असेल तर बहुधा म्युरेक्स नावाच्या काटेरी शंखाच्या नातेवाइकांचं. अर्धवट राहिलेलं भोक दिसलं तर समजा, त्या शिंपल्याचं नशीब त्या दिवशी जोरावर होतं.

याच चंद्र-शंखाची मादी वाळू आणि चिकट द्रव मिसळून शर्टाच्या कॉलरसारखी गोल पट्टी बनवते आणि त्यात अंडी घालते. ओहोटीला वाळूवर पडलेली ही कॉलर रबराचा तुकडा वाटते. स्वच्छता मोहिमेच्या पिशवीत ती जाताना मी पाहिली आहे. हेतू चांगला, पण आत हजारो पिल्लं.

दक्षिणावर्ती शंख खरा कसा ओळखायचा? एका दुकानात ठेवलाय, किंमत भरमसाट सांगतात.

सावकाश वाचा, यात पैसे वाचतील.

शंखाचं टोक वर धरा आणि तोंड आपल्याकडे करा. जगातल्या बहुतेक शंखांचं तोंड उजवीकडे येतं. प्राणिशास्त्र त्यांना उजवे म्हणतं. पूजेचा शंख, ज्याचं शास्त्रीय नाव टर्बिनेला पायरम, तोही सहसा असाच. पण पूजेत आपण शंख उलटा, टोक खाली करून धरतो, म्हणून त्याचं तोंड डावीकडे दिसतं आणि तो वामावर्ती ठरतो. दक्षिणावर्ती म्हणजे याच जातीतला उलट्या पिळाचा शंख. तो निसर्गात खरोखरच विरळा निघतो. मन्नारच्या आखातातला शंख पिढ्यान्‌पिढ्या पाणबुडे काढत आले. जेम्स हॉर्नेल यांनी १९१४ मध्ये या शंखावर आणि त्याच्या व्यवसायावर अख्खा ग्रंथच लिहिला.

गोम अशी की अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर आणि मेक्सिकोच्या आखातात लायटनिंग व्हेल्क नावाचा शंख आहे. त्याची जातच उलट्या पिळाची. तिथे तो ढिगाने मिळतो. तोच इथे येऊन 'दक्षिणावर्ती' होतो आणि लाल कापडावर बसतो. ओळखायचं सोपं आहे. शंखाच्या तोंडात, मधल्या दांड्यावर बोट फिरवा. खऱ्या टर्बिनेलाला तिथे तीन-चार ठळक वळ्या लागतात. व्हेल्कचा दांडा सपाट, आणि खांद्यावर बहुधा गाठी किंवा तपकिरी उभ्या रेघा. दुकानदार हात लावू देत नसेल, तर उत्तर मिळालंच.

डाव्या-उजव्याची फसगत मोठमोठ्यांची झाली आहे. डच चित्रकार रेम्ब्रांने १६५० मध्ये एका ठिपकेदार कोन शंखाचं अम्लचित्र केलं. तांब्याच्या पत्र्यावर सही उलटी कोरली म्हणून छापताना ती सरळ आली, पण शंख मात्र जसा दिसला तसाच कोरला. परिणामी छापलेल्या चित्रात शंखाचा पीळ उलटा. साडेतीनशे वर्षं शंखवेडे त्यावर बोट ठेवून हसतात. चित्र तरीही अप्रतिम आहे. काळ्या पार्श्वभूमीवर एकटा शंख, आणि आपण तो हातात घेतल्यासारखं वजन जाणवतं.

शंख कानाला लावला की समुद्र ऐकू येतो, तो कुठून येतो?

तुमच्याच खोलीतून. आजूबाजूचा बारीक आवाज शंखाच्या पोकळीत घुमतो. दादर स्टेशनावर लावून बघा, तिथे तर तुफान असतं. चहाचा रिकामा कपही तेच करतो, पण कपावर कविता होत नाहीत.

स्वाती नक्षत्राचा थेंब शिंपल्यात पडला की मोती होतो ना?

कल्पना सुंदर. प्रत्यक्षात शिंपल्याच्या मऊ आवरणात एखादा परजीवी किंवा आवरणाचाच तुटका कण अडकतो. त्याचा त्रास नको म्हणून शिंपला त्याच्याभोवती तोच चमकदार थर चढवत जातो जो त्याच्या कवचाला आतून असतो. म्हणजे मोती हा शिंपल्याचा दागिना नसून त्याचं दुखणं आहे. मुंबईशी त्याचा संबंध मात्र पाण्यातला नाही, पेढीवरचा. आखाती देशांतले मोती, ज्यांना आजही जुने जवाहिरे 'बसराई' म्हणतात, एकोणिसाव्या शतकात आणि विसाव्याच्या सुरुवातीला मुंबईत येऊन पारखले जात, भोकं पाडून ओवले जात आणि इथून युरोपला जात. जपानचे संवर्धित मोती बाजारात आले, पाठोपाठ १९३०च्या सुमाराची मंदी आली आणि तो व्यापार कोसळला.

देवीच्या माळेतल्या कवड्या आपल्या समुद्रातल्या का?

बहुतेक नाहीत. पूर्वी ढिगाने कवड्या यायच्या त्या मालदीवहून. तिथे नारळाच्या झावळ्या पाण्यात सोडून त्यांना चिकटलेल्या कवड्या गोळा करत, आणि जहाजं भरून त्या बंगालला जात. तिथे त्या चलन म्हणून चालत. प्राण्या-वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने १७५८ मध्ये या कवडीच्या नावातच 'मोनेटा' घातलं, म्हणजे नाणं. आपल्याकडे चलन गेलं आणि भाषा राहिली : फुटकी कवडी, कवडीमोल, कवडीचुंबक. तुळजाभवानीच्या आराध्यांच्या गळ्यात माळ राहिली, बंजारा बायकांच्या भरतकामात कवडी आरशाशेजारी राहिली, आणि सारीपाटावर दान टाकायला राहिली.

कवडी इतकी चकचकीत का, हेही विचारतात. जिवंतपणी तिचं मऊ आवरण दोन्ही बाजूंनी वर येऊन पूर्ण कवच झाकतं. कवचाला वाळूचा ओरखडा लागतच नाही. शिवाय ते आवरण पाठीवर सतत नवा थर देत राहतं.

फिरायला गेलो की ठेल्यावर मोठे चकचकीत शंख दिसतात. घ्यावेत का?

माझं मत विचाराल तर नाही. कारण त्या चकाकीतच आहे. लाटांनी वाहून आणलेला मेलेला शंख घासलेला, फिका, कुठेतरी टवका गेलेला असतो. आरशासारखा झळकणारा, ओठ शाबूत असलेला शंख बहुतेक वेळा प्राणी जिवंत असताना काढलेला असतो. मग तो उकळतात किंवा पुरतात, मांस काढतात, आम्लात बुडवून वरची साल उतरवतात आणि पॉलिश मारतात. त्यावर लाल रंगाने 'मुंबई' लिहिलेलं असतं, पण त्याचा मुंबईशी संबंध तेवढ्या रंगापुरताच. माल बराचसा तमिळनाडूच्या किनाऱ्यावरून येतो, काही फिलिपिन्सहून.

ठेलेवाल्यावर राग काढू नका. तोही गठ्ठ्याने विकत घेऊन पोट भरतोय.

यात कायदा कुठे येतो?

वन्यजीव संरक्षण कायदा १९७२चा. २००१ मध्ये त्याच्या परिशिष्टांत शंख-शिंपल्यांच्या जाती घातल्या गेल्या आणि २०२२च्या दुरुस्तीने परिशिष्टांची फेरमांडणी झाली. २००१च्या यादीत पहिल्या परिशिष्टात नऊ जाती होत्या. त्यांत शिंगं असलेला मोठा हेल्मेट शंख, तुतारीसारखा ट्रायटन, नॉटिलस आणि राक्षसी शिंपल्याच्या जाती. चौथ्या परिशिष्टात बोटांसारखे काटे असलेले कोळी-शंख, मोत्यासारखा झळकणारा भोवरा-शंख, खिडकीच्या तावदानाचा शिंपला वगैरे. खडक बांधणारं कठीण प्रवाळ तर सगळंच पहिल्या परिशिष्टात, मेलेलंसुद्धा. त्यामुळे "शोकेससाठी एक पांढरं पोवळं" ही हौस गुन्ह्यात मोडते. ठेल्यावर उघड विकायला आहे म्हणजे चालतं, असं समजू नका.

आणि किनाऱ्यावर पडलेले साधे रिकामे?

संरक्षित जात नसेल तर चार-दोन न्या. चार-दोन म्हणजे चार किंवा दोन. पिशवीभर नाही. रिकामा शंख ही कुणाची तरी पुढची खोली असते, आणि मुंबईत खोली मिळणं किती अवघड ते तुम्हाला मी सांगायला नको. किनाऱ्यावर शंख कमी पडले की संन्यासी खेकडे बाटलीची झाकणं घालून फिरतात. उरलेले शिंपले दळून दळून वाळू होतात. स्पेनच्या एका किनाऱ्यावर तीस वर्षांच्या अंतराने मोजणी झाली. पर्यटक अडीचपटीहून जास्त वाढले होते आणि शिंपले निम्म्याहून कमी उरले होते.

घरी आणले आणि वास सुटला. आता?

आत काहीतरी राहिलंय. गोड्या पाण्यात दोन दिवस ठेवा, दर काही तासांनी पाणी बदला, जुन्या टूथब्रशने घासा. तपकिरी साल काढायचीच असेल तर कपडे धुण्याचं ब्लीच निम्मं पाणी घालून, थोडाच वेळ. व्हिनेगर, लिंबू, टॉयलेट क्लीनर यांच्या वाटेला जाऊ नका. आम्ल शिंपला खातं. पाच मिनिटांत नक्षी जाते आणि परत येत नाही. सावलीत वाळवा. झळाळीसाठी खनिज तेलाचा एक थेंब पुसून घ्या. वार्निश नको, दोन पावसाळ्यांत पिवळं पडतं.

कपाटात ठेवलेल्या कवड्यांवर पांढरी पूड आली. बुरशी आहे का?

बुरशी वाटते, पण ती पुसून धुऊन जात नाही, कारण ती शिंपल्याचीच झालेली असते. याला शंखसंग्राहक बाइनचा रोग म्हणतात. १८९९ मध्ये बाइन नावाच्या गृहस्थांनी याविषयी लिहिलं आणि जंतूंना दोष दिला. पुढे कळलं की जंतू नाहीत, दोषी आहे कपाट. ओक, प्लायवूड, दाबलेल्या भुशाच्या फळ्या, साधा पुठ्ठा यांतून आम्लाची वाफ हळूहळू निघते. हवा दमट असली की ती शिंपल्याच्या चुनखडीशी संयोग पावते आणि पांढरे क्षार फुलतात. मुंबईत जून ते सप्टेंबर याहून अनुकूल हवामान काय असणार? माझ्या चार अरबी कवड्या अशाच गेल्या. नव्या कोऱ्या प्लायवूडच्या कपाटात, बंद दाराआड, मी कौतुकाने ठेवल्या होत्या म्हणून गेल्या.

उपाय स्वस्त आहे. झाकणाचे प्लॅस्टिकचे किंवा काचेचे डबे, आत सिलिका जेलच्या पुड्या, आणि कापूस नको, पांढरं पॉलिथिन फोम. पूड आलेला शिंपला आधी इतरांपासून वेगळा करा, गोड्या पाण्यात धुवा, पूर्ण वाळवा. गेलेली नक्षी गेली, पुढचं थांबेल.

संग्रह आणि ढीग यांत फरक कसा करायचा?

चिठ्ठीने. तारीख, जागा, खडक की वाळू की चिखल, रिकामा की तुटका. नाव नंतर कळलं तरी चालतं, जागा नंतर आठवत नाही. बिनचिठ्ठीचा सुंदर शंख शोभेचा, चिठ्ठीवाला फुटका शिंपला अभ्यासाचा. १८९३ची यादी आज उपयोगी पडते ती यासाठीच. आणि हो, हल्ली शंख घरी न आणता फोटो, तारीख आणि जागा एवढाच संग्रह करणारे बरेच झाले आहेत. माझाही गेल्या काही वर्षांचा संग्रह फोनमध्येच आहे. त्याला पांढरी पूड येत नाही.

मुलांच्या चित्रकलेसाठी, हस्तकलेसाठी शिंपले हवेत. कुठून आणू?

मासळीबाजारातून. कोळणीकडून तिसऱ्यांचे दोन वाटे घ्या, एकशिपी करा (अर्धी शिंप मांसासकट ठेवतात, अर्धी टाकतात) आणि टाकलेल्या शिंपा उकळून वाळवा. एका रविवारात शंभर-दीडशे शिंपा निघतात, त्याही जेवून. कालवांच्या शिंपा ओबडधोबड, पण आतून छान झळकतात. शिणाण्यांच्या हिरव्या-निळ्या शिंपा फ्रेमला सुरेख. फुलपाखरासारखा उघडा शिंपला म्हणजे दुसरं काही नाही, बिजागरी न तुटलेली तिसरीच.

मग हे खडकावरचे खातात का? (दुसरा ठरलेला प्रश्न.)

कोळी बायका पिढ्यान्‌पिढ्या कालवं फोडत आल्या आहेत, त्यांना जागा आणि हंगाम कळतो. तुम्ही-आम्ही खडकावरून काढून खाऊ नये. शिंपला दिवसभर पाणी गाळतो, आणि शहराच्या किनाऱ्यावर पाण्यात काय असतं ते नाल्याच्या तोंडाशी उभं राहून बघा. घरी आलं की हातही साबणाने धुवा.

विषारी असतात का काही?

कोन शंख. आइसक्रीमच्या कोनासारखा, नक्षीदार, उचलावासा वाटणारा. तो भाल्यासारखा दात मारून मासे, किडे पकडतो. जिऑग्राफस जातीच्या डंखाने माणसं दगावली आहेत. मुंबईच्या खडकांवर कोनाच्या लहान जाती दिसतात. जिवंत असेल तर बोट लावू नका, रुंद बाजूने धरलं तरी तो वळून पोचतो. याच कुळातल्या मॅगस जातीच्या विषावरून तयार केलेलं झिकोनोटाइड हे वेदनाशामक अमेरिकेत २००४ मध्ये मंजूर झालं.

शिंपल्यांच्या खिडक्या असतात म्हणे?

गोव्यात जुन्या घरांना आहेत. प्लाकुना नावाचा शिंपला कागदासारखा चपटा आणि दुधी पारदर्शक असतो. त्याचे चौकोन कापून लाकडी पट्ट्यांत बसवत. ऊन आत येतं, पण डोळ्यांत जात नाही. काच महाग होती तेव्हाची युक्ती, आणि आजच्या रंगीत फिल्मपेक्षा मला तीच बरी वाटते. कोकणात शिंपले भाजून चुनाही करत. बांधकामाला, भिंतींना, आणि विड्यालासुद्धा. किनाऱ्यावर करळ नावाचा दगड मिळतो, तोही वाळू आणि शिंपल्यांचे तुकडे चिकटून झालेला. जवळून बघितलात तर भिंतीत शिंपले मोजता येतात.

कोस्टल रोडने सगळं संपलं का?

सगळं नाही. भरावाखाली गेलेला खडकाळ किनारा मात्र गेला, तो परत येणार नाही. २०२०मध्ये वरळी आणि हाजी अलीच्या खडकांवरच्या अठरा प्रवाळ-वसाहती उचलून दुसरीकडे बसवल्या गेल्या, तेव्हा "मुंबईत प्रवाळ आहे?" असं लोकांनी पहिल्यांदा विचारलं. हलवायची वेळ आली तेव्हा आहे हे कळलं. शंखांना तसं कुणी हलवलं नाही. नव्या भिंतींच्या दगडांवर कालवं आणि बार्नॅकल बसायला लागतात, पण कपारी, डबकी, दगडाखालची सावली हे सगळं सरळ भिंतीला नसतं, आणि कवडीला तेच लागतं.

शिकायचं असेल तर कुणाबरोबर जाऊ?

मरीन लाइफ ऑफ मुंबई हा गट २०१७पासून ओहोटीच्या फेऱ्या काढतो. हातात न घेता कसं बघायचं हे तिथे चांगलं शिकवतात. १८८३ साली स्थापन झालेल्या बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीचे कार्यक्रमही बघत राहा. चांगली पकड असलेले बंद बूट, टोपी, पाण्याची बाटली. भिंग असेल तर न्याच.

दगड उलटा करून खाली बघितलं तर चालेल?

हातात मावेल एवढाच दगड, आणि हळू. खाली अंडी असतात, कवड्या असतात, अंधारात राहणारी बरीच मंडळी असतात. उन्हात ती काही मिनिटांत सुकतात. बघून झालं की दगड होता तसा, त्याच बाजूने, त्याच खळग्यात ठेवा. खाली कुणी असेल तर आधी त्याला बाजूला सरकू द्या, मग ठेवा.